लुचई म्हणजे लुच्ची नव्हे

लाखनीच्या स्टँडवर नागपूरची गाडी लागली तेव्हा माझ्याजवळ एक बॅग, एक पिशवी आणि प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये सगळी प्रमाणपत्रं होती. प्रत्येक कागदावर नाव एकच, लोचना. मी खिडकीजवळची जागा धरली. आई खाली उभी होती, डोक्यावर पदर, आणि एका हातात चप्पल, कारण चपलेचा अंगठा वाटेतच तुटला होता. गाडी हलली आणि तिला काहीतरी आठवलं. काही द्यायचं राहिलं होतं की नुसतंच बोलावंसं वाटलं, ते मला आजवर माहीत नाही. ती एका पायात चप्पल घालून गाडीमागं चार पावलं आली आणि सगळ्या स्टँडला ऐकू जाईल अशी ओरडली, "लुचई! वो लुचई!"

माझ्या मागच्या सीटवर कॉलेजच्या दोन पोरी होत्या. त्यातली एक खुदकन हसली. "लुच्ची म्हनून राहिली का वं ते बाई?"

मी वळून पाहिलं नाही. समोरच्या सीटच्या पाठीवर कोणीतरी पेनानं बदाम काढला होता, त्यातली अक्षरं वाचत बसले. ती बाई दुसऱ्याच कोणाला तरी हाका मारत आहे, असा चेहरा केला. गाडी महामार्गाला लागली आणि ट्रकांच्या हॉर्नमध्ये हाक बुडून गेली.

भंडाऱ्याकडच्या तुम्हा लोकांतले जे तिथंच राहिले, त्यांना हे वाचून माझा राग येईल. जे माझ्यासारखे निघून आले, त्यांना आपापली खिडकी आठवेल. दोघांनाही आधीच सांगून ठेवते, हे मी माफी मागायला लिहीत नाही. सूड घ्यायला लिहिते आहे. माफीचं काय ते शेवटी बघू.

लुचई ही धानाची एक जुनी जात. दाणा बारीक, भात मऊ, आणि शिजायला लागली की शेजारचा विचारायला येतो, आज काय आहे म्हणून. आईचं माहेर पवनीकडं, वैनगंगेच्या काठाला. माझ्या आजोबांच्या दोन बांध्या फक्त लुचईच्या होत्या. बांधी म्हणजे चारी बाजूंनी बांध घातलेला धानाचा तुकडा. हे पुण्याकडच्यांसाठी सांगितलं, तुम्हाला काय सांगायचं. पहिलं बाळंतपण म्हणून आई माहेरी गेली होती. मी जन्मले तेव्हा अंगणात लुचईचा चुरणा, म्हणजे मळणी, चालू होता. पाचव्या दिवशी सुपात नवे तांदूळ पसरून त्यावर मला झोपवलं आणि आईनं तिथंच नाव ठरवून टाकलं. पंचांग नाही, रास नाही, कोणाला विचारणं नाही. पुढं गोसीखुर्द धरणाचं पाणी भरलं तेव्हा ते गाव उठलं. आजोबांच्या दोन्ही बांध्या पाण्याखाली गेल्या. नव्या गावठाणात मामाला घर मिळालं, पण लुचई पेरायला जागा उरली नाही आणि मग बीजही उरलं नाही. तेव्हा त्या शेताची शिल्लक राहिलेली एकच गोष्ट होती, माझं नाव, आणि ते शाळेच्या रजिस्टरात कधीच चढलं नव्हतं.

त्याला कारण कठाणे सर.

आई मला पहिलीत घालायला घेऊन गेली, त्या दिवशी तालुक्याहून साहेब तपासणीला आले होते. बोलण्यावरून पश्चिमेकडचे. सर रजिस्टर उघडून बसले होते. सर बाहेरचे नव्हेत, आमच्याच भागातले, दोन कोसांवरच्या गावचे, घरची धानाची शेती. त्यांनी नाव विचारलं. आईनं सांगितलं, "लुचई."

साहेबांनी मान वर केली. "काय? लुच्ची?" आणि ते हसले.

साहेबांना ऐकूच चुकीचं आलं होतं. त्यांचा मला राग नाही. सरांना मात्र बरोबर ऐकू आलं होतं. त्यांनी एवढंच म्हणायचं होतं, की साहेब, लुच्ची नाही, लुचई, आमच्याकडचं धान आहे. ते म्हणाले नाहीत. ते साहेबांपेक्षा मोठ्यानं हसले. "काय सांगू साहेब, अशीच नावं ठेवतात. लुच्चा काय, लुच्ची काय. अडाणी लोक."

"धानाचा नाव हाय जी," आई म्हणाली. हळू आवाजात, आणि वर 'जी' लावून.

"राहू द्या बाई, मी चांगलं लिहितो." सरांनी लोचना लिहिलं आणि साहेबांना अर्थही सांगितला, 'कमळासारखे डोळे असलेली'. साहेबांनी मान डोलावली. आई मला तिथं सोडून घरी गेली.

वर्गातल्या पोरांनी सगळं ऐकलं होतं. त्यानंतर चौथीपर्यंत कोणाची पेन्सिल हरवली की आधी माझं दप्तर उघडायचे. लुच्ची आली, खोडरबर लपवा. हे सरांच्या डोळ्यांसमोर चालायचं. आणि दर वर्षी नवं धान निघालं की माझ्या आईच्या माहेराहून आलेल्या लुचईतली पायलीभर लुचई सरांच्या घरी जायची. ती घेताना मात्र सरांना नाव नीट उच्चारता येत होतं. मी दहा वर्षांची असताना आईला बजावलं, की घराबाहेर मला त्या नावानं हाक मारायची नाही. तिनं ते पाळलं. त्या एका दिवशी, स्टँडवर, तिचं तोंड सुटलं.

नागपूरला मी एम.ए.ला संस्कृत घेतलं. लोकांना वाटलं, पोरीला आवड आहे. मला फक्त लोचनाचा अर्थ बघायचा होता. पहिल्याच आठवड्यात ग्रंथालयातला जाडा कोश उघडला. लोचन म्हणजे डोळा. बस. कमळ कुठंच नव्हतं. कमळ हवं तर कमललोचना म्हणावं लागतं, चांगले डोळे हवे तर सुलोचना. नुसती लोचना म्हणजे नुसता डोळा. बौद्ध परंपरेत त्या नावाची एक देवी आहे हे नंतर सापडलं, पण सरांना ते ठाऊक असेल अशी शंकासुद्धा मी घेणार नाही.

मग पुणे. पुण्यात माझ्या नावाचं काय झालं ते ऐका. ऑफिसात पहिल्या महिन्यात एक फाइल चुकीच्या माणसाला गेली आणि टीममधला एकजण म्हणाला, "लोचनानं लोचा केला." झालं. तेव्हापासून मी लोचा. चहाला चल ग लोचा. म्हणजे सरांनी मला लुच्चीपासून वाचवून लोच्यात नेऊन टाकलं. आगीतून निघून फुफाट्यात, तेही संस्कृत अर्थासकट.

काम मात्र माझ्यासाठीच घडवल्यासारखं मिळालं. आमची कंपनी बाळांच्या नावांचं ॲप चालवते. आईबापांना नाव हवं असतं दोन-तीन अक्षरी, संस्कृत, एकदम नवीन आणि नातेवाइकांत कोणाचंच नसलेलं. संस्कृत आणि एकदम नवीन, हे त्यांना एकाच वेळी हवं असतं. अशा लोकांसाठी इंटरनेटवर ढीगभर अर्थ पडलेले असतात आणि ते खरे की खोटे हे बघायचं काम माझं. नाव खरंच त्या भाषेतलं आहे का, धातू कोणता, जुन्या कोशात मिळतं का, की कोणीतरी परवा बसून बनवलं. बनवलेलं असलं तरी आमची हरकत नसते. फक्त तसं लिहायचं: 'आधुनिक, अर्थ निश्चित नाही.' आमच्या मुग्धा मॅडम म्हणतात, लोकांना काय ठेवायचं ते ठेवू दे, आपण थाप मारायची नाही.

दोन वर्षांपूर्वी मॅडमनी एक स्कॅन केलेली पुस्तिका पाठवली. इंटरनेटवरच्या बऱ्याच चुकीच्या अर्थांचं मूळ त्यात दिसतंय, एकदा पूर्ण चाळ, म्हणाल्या. पिवळं कव्हर. मागच्या पानावर लेखकाचा फोटो, पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं. कठाणे सर. माझ्या हातातला चहा तसाच थंड झाला. देव आहे, असं मला त्या दिवशी वाटलं.

सर गावात असताना आजूबाजूच्या पाच-सहा गावांतले लोक त्यांच्याकडं नाव विचारायला यायचे, हे मला माहीत होतं. निवृत्त झाल्यावर त्यांनी त्याची पुस्तिका छापली हे माहीत नव्हतं. आधी प्रस्तावना वाचली. त्यात लिहिलं होतं, 'ग्रामीण भागात अज्ञानापोटी मुलींना लुच्चीसारखी हीन नावे ठेवली जातात. अशाच एका शेतकरी कन्येला मी स्वतः लोचना हे नाव देऊन तिच्या आयुष्याला वळण दिले.'

मी ते तीन वेळा वाचलं. माझी आई, सुपातले तांदूळ, आजोबांच्या बांध्या, सगळं या माणसानं 'हीन' या एका शब्दात बांधून छापून टाकलं होतं. आणि छापताना तरी खरा शब्द लिहायचा. नाही. त्यानं साहेबांना ऐकू आलेलाच शब्द लिहिला.

मग मी कामाला लागले. मॅडमना म्हटलं, ही पुस्तिका दुसऱ्या कोणाला देऊ नका. सरांची रीत दहा पानांत कळली. नाव फुटलं तर फोडायचं, नाही फुटलं तर देवाच्या नावावर टाकायचं. मायरा, 'मायेने राहणारी'. कियारा, 'किरणांची धारा'. रियांश, 'भगवान विष्णूंचा अंश'. अंश दिसतो, कबूल, पण रि म्हणजे विष्णू हे कोणी सांगितलं? शनाया, 'सूर्याचा पहिला किरण'. हा किरण कुठल्या कोशात उगवला ते मी सात कोशांत शोधलं, नाही सापडला. जे बरोबर होतं त्यापुढं मी बरोबर लिहिलं. सूड घ्यायचा तर खोट्यानं नाही, एवढं ठरवलं होतं. पण चुकीचं सापडलं, की त्यावर लाल रेघ मारताना जो आनंद व्हायचा तो पगाराच्या दिवशीही होत नाही. घरी येऊन मी स्वतःशी गाणं गुणगुणायचे. स्वतःलाच कधी कधी भीती वाटायची.

ल आलं. लोचनापुढं लिहिलं: 'डोळा. कमळाचा संबंध नाही.' आणि त्याखाली एक नवी नोंद भरली. लुचई. अर्थ: धानाची एक जुनी जात, बारीक आणि मऊ. व्युत्पत्ती: अनिश्चित. पूर्वेकडच्या हिंदीत मऊ पातळ पुरीला लुचई म्हणतात, पण तिचं आणि या धानाचं नातं मी सिद्ध करू शकले नाही, म्हणून लिहिलं नाही. पुरावा: आई.

नोंद परत आली. मॅडम चांगल्या आहेत, पण नियमाच्या पक्क्या. बोलीतल्या नावाला दोन पुरावे लागतात. मी धानाच्या जातींची एक यादी दाखवली. त्या म्हणाल्या, "यादी धानाची आहे, नावाची नाही. मुलीचं नाव म्हणून ठेवलं होतं आणि तिथल्या लोकांना त्याचा हाच अर्थ कळत होता, असं सांगणारं घराबाहेरचं कोणी आहे का?"

मी विचार केला. मामा घरातला. आजोबा गेले. ते नाव ठेवलेलं ज्यानं घराबाहेर, आईच्या तोंडून, स्वतःच्या कानांनी ऐकलं आणि ज्याला अर्थ माहीत होता, असा माणूस माझ्या डोळ्यांपुढं एकच आला.

त्याच आठवड्यात माझ्या धाकट्या भावाचा, नितेशचा फोन आला. त्याला मुलगी झाली होती. "ताई, बारशाले येजो. सरायले बलावलं हाय नाव सांगाले. पन माय म्हनून राहिली का लुचई ठेवा. तूच समजाव तिले."

आम्हा लोकांत नाव कोणीही सुचवो, पाळण्यापाशी वाकून बाळाच्या कानात ते सांगायचा मान आत्याचा. म्हणजे माझा. मी लाल रेघांची सगळी पानं छापून बॅगेत टाकली आणि निघाले.

लाखनीत आता उड्डाणपूल झाला आहे. ट्रक डोक्यावरून जातात आणि खालच्या दुकानांत माणसांचा आवाज ऐकू येतो. घरी पोहोचले तर भावाची बायको, प्रणाली, बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. आई बाहेर गेल्यावर ती मला म्हणाली, "ताई, राग नका येऊ देऊ. पन लुचई नको. उद्या हे पोरगी कोठी शिकाले जाईल, तठी लोकं हासतील. तुमी सोता सांगता का पुन्यात, का माहा नाव लुचई हाय म्हनून?"

मी म्हटलं, "माझी गोष्ट वेगळी आहे."

दुपारी मांडवात गाव जमलं. सर आले. थकले होते, कानात मशीन, पण शर्ट तसाच पांढरा आणि खिशाला दोन पेनं. लोकांनी खुर्ची दिली. त्यांनी मला ओळखलं, "अरे, लोचना! बघा, नाव बदललं आणि पोरगी कुठल्या कुठं पोहोचली," असं सगळ्यांना ऐकवलं. मग पिवळी पुस्तिका उघडली. "मुलीचं नाव ठेवा शनाया. अर्थ, सूर्याचा पहिला किरण. संस्कृत नाव आहे."

"कोणत्या कोशात आहे, सर?" मी विचारलं.

ते हसले. "अगं, सगळीकडे आहे."

"मी शोधलं. कुठंच नाही. तुम्ही कुठं पाहिलं ते सांगा." मी पानं बाहेर काढली. मग थांबले नाही. मायरा, कियारा, एकेक नाव वाचलं, त्यांचा अर्थ वाचला आणि कोशात काय आहे ते वाचलं. मांडवातले लोक आधी कौतुकानं ऐकत होते, मग एकमेकांकडं बघायला लागले. एक म्हातारबुवा म्हणाले, "पुन्यात जाऊन लय शिकली वं पोरगी. सरायले असा बोलतेत का?" मी वाचत राहिले. शेजारची एक सून मांडीवरच्या पोराला घट्ट धरून म्हणाली, "ताई, माह्या रियांशचा बी सरायनंच ठेवला. मंग त्याचा अर्थ काय जी?"

"काही नाही," मी म्हणाले.

तिनं पोराकडं पाहिलं, जणू त्याला आत्ताच काहीतरी झालं होतं. तेवढा एक चेहरा सोडला तर त्या दिवसातलं मला काहीच खुपत नाही. तिचा चेहरा अजून खुपतो. नंतर मी तिच्या घरी जाऊन सांगितलं, की बनवलेलं नाव वाईट नसतं, आता याचा अर्थ हे पोरगंच होईल. तिनं चहा दिला, पण माझ्याशी धड बोलली नाही.

मी पानं खाली ठेवली आणि सरांपुढं उभी राहिले. "आता एकच नाव, सर. लुचई म्हणजे काय?"

सरांनी कानातलं मशीन चाचपलं. त्यांना ऐकू आलं होतं, मला कळत होतं. तेव्हाही आलं होतं.

"लुचई म्हणजे काय, सर?"

ते पुस्तिकेच्या कव्हरवर बोट फिरवत राहिले. मग बोलले तेव्हा त्यांची ती पुस्तकी भाषा कुठल्या कुठं गेली होती. "धान होय, बाई. बारीक धान. तुह्या मायच्या घरून येत होता. तसा भात मंग कोठी खाल्ला नाई."

"म्हणजे तुम्हाला माहीत होतं."

"मले मालूम होता."

"मग काहून हासले?" माझ्याही तोंडून तेच निघालं, आमचं.

"साहेब हासले," सर म्हणाले. "साहेब हासले, म्हनून मी हासलो."

मी त्यांचंच पेन त्यांच्या खिशातून काढलं, पुस्तिकेचं शेवटचं कोरं पान त्यांच्यापुढं धरलं आणि लिहा म्हटलं. त्यांनी लिहिलं: 'लुचई ही धानाची जात आहे. शाळेत दाखल करताना आईने मुलीचे नाव लुचई असे सांगितले होते. मला अर्थ ठाऊक होता.' खाली सही करायला लावली. ऐनवेळी दया येईल आणि आपण कच खाऊ, अशी मला धास्ती होती. दया आली नाही. मी ते पान फाडून घेतलं.

आई दारात उभी राहून सगळं ऐकत होती. मला वाटलं आता ती रडेल, नाहीतर सरांना चार शब्द सुनावेल. ती पुढं आली आणि म्हणाली, "सर, जेवून जा जी." परत 'जी'. मला तिचाच राग आला.

मग पाळण्याची वेळ झाली. बायका जमल्या. मी वाकले. बाळाच्या कानाला दुधाचा वास येत होता. आता माझ्या तोंडून जे निघेल तेच नाव होणार होतं आणि ते मला माहीत होतं, आईला माहीत होतं, प्रणालीलाही माहीत होतं. तिनं माझा हात धरला नाही, पण पाळण्याच्या दोरीवरची तिची मूठ पांढरी पडली होती. तिनं सकाळी मला स्वतःच्या मनातलं नाव सांगितलं होतं. आरोही. आरोही म्हणजे चढत जाणारा. व्याकरणानं ते पुल्लिंगी, मुलीचं करायचं तर आरोहिणी. हे सगळं माझ्या जिभेवर आलं होतं.

मी "कुर्रर्र" केलं आणि आरोही म्हणाले. व्याकरण गिळून टाकलं. प्रणालीची मूठ सुटली.

सगळे जेवून गेल्यावर मागच्या सांदवाडीत, परसात, आई भांडी घासत बसली होती. मी शेजारी बसले, सरांचं पान तिला वाचून दाखवलं. "बघ माय, शेवटी कबूल केलं. लिहून दिलं."

"मले तं तवापासूनच मालूम होता," आई म्हणाली. "दरसाली लुचई खात होता तो मानूस. त्याले मालूम नाई राहील का?"

"मग तू कधी बोलली काहून नाही त्याला?"

ती हातातल्या पातेल्याला, गंजाला, राख लावत राहिली. मी म्हटलं, "आरोही ठेवलं म्हणून रागावली का? तुला लुचई पाहिजे होतं."

"राहू दे माय," ती म्हणाली. "एका लुचईनं हाकेले ओ देला नाई. दुसरीले कायले फसवाचा?"

इतक्या वर्षांत तिनं त्या स्टँडवरच्या दिवसाबद्दल अवाक्षर काढलं नव्हतं. मला वाटायचं तिला ते कळलंच नाही, मी ऐकलं नसेल असं तिला वाटलं असेल. सर एकदा हसले, साहेबांसमोर. मी तर त्या दोन पोरींसमोर आईलाच ओळखलं नाही. लाल रेघा मारताना माझी एक ओळ मी सोयीनं सोडून दिली होती.

म्हणून काही सरांना मी माफ केलेलं नाही. हे वाचून कोणी त्यांना सांगणार असेल तर तेवढं जरूर सांगा. एकाच्या चुकीनं दुसऱ्याची चूक पुसत नाही. त्यांची पुस्तिका श पर्यंत झाली आहे, स पासून पुढची पानं बाकी आहेत आणि मी ती सोडणार नाही.

पण घर कुठलं म्हटलं की मी इतकी वर्षं नुसतं नागपूर म्हणायचे, ते आता म्हणत नाही. लोक विचारतात, गाव कुठलं? मी भंडारा जिल्हा म्हणते, लाखनी म्हणते. आईचं माहेर पाण्याखाली, आमच्या घरावर नवा स्लॅब, माझा फ्लॅट चौथ्या मजल्यावर. यातलं घर कोणतं हे मला नीट सांगता येत नाही. एवढं कळतं, की लुचई पिकायची ती जमीन गेली, बीज गेलं, आणि आता ते धान एकाच ठिकाणी उरलं आहे, आईच्या हाकेत. ती हाक ऐकून मी ओ दिला तर मी घरी आहे. नाही दिला तर मी लाखनीच्या घरात बसूनही घराबाहेरच.

निघायच्या दिवशी आई स्टँडवर आली. या वेळी चपला धड होत्या. गाडी लागली, मी खिडकीत बसले, ती खाली उभी. तिनं बघितलं, मान हलवली, पण तोंडातून शब्द नाही. ड्रायव्हर चढला. इंजिन सुरू झालं. तिनं पदर दातात धरला होता. तिनं मला दहाव्या वर्षी दिलेला शब्द पुन्हा पाळायचं ठरवलेलं दिसत होतं.

मी खिडकीतून अर्धी बाहेर झाले. "माय! हाक मार ना वं!"

तिला आधी कळलंच नाही.

"नाव घे माहा! मोठ्यानं!"

गाडी हलली. ती दोन पावलं आली. आधी पदर तोंडातून निघाला आणि मग आवाज निघाला, तोच, सगळ्या स्टँडला ऐकू जाणारा. "लुचई! वो लुचई!"

"ओ!" मी ओरडले. "ओ माय!"

मागच्या सीटवर कोणीतरी हसलं. माणसं बदलली, हसणं तेच. मी वळले. एक जोडपं होतं, बायकोच्या मांडीवर बाळ.

"लुच्ची नाही, लुचई," मी म्हटलं. "धानाचं नाव आहे. पुरावा पाहिजे? माझ्याजवळ दोन आहेत."